सासरच्या नातेवाइकांवरचा ४९८-अ चा गुन्हा रद्द करून घेताना: फिर्यादीच्या प्रतीपासून आदेशापर्यंत

विवाहितेने सासरच्या मंडळींवर छळाची, म्हणजे कलम ४९८-अ ची, फिर्याद दिली की घरातले सगळे एकाच कामाला लागतात: सून कशी वागत होती याची यादी करायला. उच्च न्यायालयात या यादीचा जवळपास काहीच उपयोग होत नाही. गुन्हा रद्द करण्याच्या अर्जात न्यायालय पाहतं ते एवढंच, की फिर्यादीत आणि साक्षीदारांच्या जबाबात लिहिलेलं सगळं खरं धरलं, तरी या एका माणसाविरुद्ध गुन्हा बनतो का? बनत नसेल तर त्याच्यापुरता गुन्हा रद्द होतो. बनत असेल तर तुमची बाजू कितीही खरी असली तरी ती खालच्या न्यायालयात, पुराव्याच्या वेळी मांडायची असते. ही एक गोष्ट न समजल्यामुळे चांगले अर्जही फसतात.

हा लेख सासू-सासरे, नणंद, दीर, जाऊ, मामेसासरे अशा नातेवाइकांसाठी आहे, ज्यांची नावं फिर्यादीत आली आहेत पण ज्यांनी नेमकं काय केलं हे लिहिलेलं नाही. ज्या घरात खरोखर मारहाण झाली, पैशांसाठी सुनेला बाहेर काढलं गेलं, त्यांना याचा उपयोग होणार नाही, आणि होऊही नये. विवाहितेचा मृत्यू झाला असेल आणि हुंडाबळीचं किंवा आत्महत्येस प्रवृत्त केल्याचं कलम लागलं असेल, तर ती वाट पूर्ण वेगळी आहे. तिथे या लेखावर विसंबू नका.

## टप्पा १: पहिले काही दिवस

महाराष्ट्रात बहुतेक प्रकरणांत थेट गुन्हा दाखल होत नाही. आधी पोलिसांच्या महिला कक्षात किंवा भरोसा सेलमध्ये तक्रार अर्ज जातो आणि तिथून समुपदेशनासाठी बोलावणं येतं. इथे न जाणं ही पहिली चूक. ‘सासरचे लोक हजर राहिले नाहीत’ एवढी नोंद पुढे फिर्यादीत ठळकपणे येते. दुसरी चूक म्हणजे तिथे जाऊन रागाच्या भरात चार पानं लिहून देणं. ‘लग्नात मानपान नीट झाला नाही म्हणून आईने एकदा बोलून दाखवलं होतं’ हे वाक्य तुम्हाला निरुपद्रवी वाटेल, पण हुंड्याच्या खटल्यात ते तुमच्याच सहीनिशी दिलेलं कबुलीवजा विधान ठरू शकतं. जे लिहून द्याल ते थोडक्यात द्या, वकिलाला आधी दाखवा आणि पोचेची प्रत ठेवा.

गुन्हा दाखल झाल्यावर अटकेची भीती सर्वांत मोठी असते. या गुन्ह्याची कमाल शिक्षा तीन वर्षं आहे आणि तो अजामीनपात्र आहे. तरीही २०१४ सालच्या अर्नेश कुमार विरुद्ध बिहार राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने बजावलं आहे की अशा प्रकरणात पोलिसांनी सरसकट अटक करू नये. अटक का आवश्यक आहे याची कारणं त्यांनी नोंदवली पाहिजेत, आणि अटक गरजेची नसेल तर हजर राहण्याची नोटीस दिली पाहिजे. ही नोटीस आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५(३) खाली येते, पूर्वी ती ४१-अ ची नोटीस म्हणून ओळखली जायची. नोटीस आली तर दिलेल्या तारखेला हजर व्हा. नोटीस पाळणाऱ्याला सहसा अटक करता येत नाही. नोटीस चुकवणाऱ्याने मात्र हे संरक्षण स्वतःच घालवलेलं असतं.

अटकेची खरोखर शक्यता वाटत असेल तर सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज करा. गुन्हा रद्द करण्याचा अर्ज केला म्हणजे अटक आपोआप टळली असं धरून चालू नका. २०२१ साली निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना स्पष्ट सांगितलं आहे की रद्द करण्याचा अर्ज प्रलंबित असताना ‘कठोर कारवाई करू नये’ असे आदेश सरसकट देऊ नयेत.

सावध: कलमांच्या आकड्यांचा इथे मोठा घोळ होतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ४८२ म्हणजे उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकार, त्याखाली गुन्हा रद्द होत असे. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ४८२ म्हणजे अटकपूर्व जामीन, आणि गुन्हा रद्द करण्याचं कलम आहे ५२८. जुन्या निकालांत ‘४८२ चा अर्ज मंजूर’ असं वाचून सत्र न्यायालयात धाव घेऊ नका. गुन्हा रद्द करण्याचा अधिकार फक्त उच्च न्यायालयाला आहे. त्याच्या वर सर्वोच्च न्यायालय.

आणखी एक सावधगिरी: या दिवसांत सुनेला, तिच्या आईवडिलांना किंवा मध्यस्थांना फोन करून ‘केस मागे घे नाहीतर…’ असं कोणीही बोलू नये. घरातला एखादा काका हे हमखास करतो. त्या एका फोनमुळे मोघम फिर्यादीला तारीख, वेळ आणि धमकी मिळते.

## टप्पा २: फिर्यादीची प्रत मिळवा, कलमं ओळखा

ऐकीव माहितीवर वकिलाकडे जाऊ नका. पोलीस ठाण्यात किंवा संबंधित न्यायदंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयात अर्ज करून प्रथम खबरी अहवालाची प्रत घ्या. महाराष्ट्र पोलिसांच्या संकेतस्थळावरही प्रती चढवल्या जातात, मात्र संवेदनशील गुन्ह्यांच्या प्रती तिथे दिसत नाहीत. पहिलं छापील पान पुरेसं नसतं. फिर्यादीचा सविस्तर जबाब सोबत जोडलेला असतो, तीच खरी फिर्याद.

आता कलमं बघा. कृत्य १ जुलै २०२४ पूर्वीचं असेल तर भारतीय दंड विधान लागतं, त्यानंतरचं असेल तर भारतीय न्याय संहिता. फिर्याद कधी दिली यावर हे ठरत नाही, कृत्य कधी घडलं यावर ठरतं. छळाचं जुनं कलम ४९८-अ आता न्याय संहितेत ८५ आणि ८६ असं विभागलं आहे. शिक्षा ८५ मध्ये, ‘क्रूरता’ म्हणजे काय हे ८६ मध्ये. सोबत सहसा मारहाण (जुनं ३२३, नवं ११५(२)), अपमान (५०४, आता ३५२), धमकी (५०६, आता ३५१) आणि समान इराद्याचं कलम (३४, आता ३(५)) असतं. स्त्रीधन परत न दिल्याचा आरोप असेल तर विश्वासघाताचं कलम (४०६, आता ३१६). हुंडा प्रतिबंधक अधिनियम १९६१ चं कलम ३ किंवा ४ लागलं असेल तर ते वेगळं अधोरेखित करा, कारण हुंडा घेतल्याच्या कलम ३ ला किमान पाच वर्षांची शिक्षा आहे. फक्त ४९८-अ वर युक्तिवाद करून हे कलम विसरलं जातं, आणि अर्ज अर्धवट राहतो.

क्रूरतेची व्याख्या शब्दशः वाचा. तिचे दोन भाग आहेत. एक, स्त्री आत्महत्येला प्रवृत्त होईल किंवा तिच्या जिवाला, शरीराला, शारीरिक वा मानसिक आरोग्याला गंभीर इजा होईल असं हेतुपुरस्सर वर्तन. दोन, मालमत्तेची किंवा पैशाची बेकायदा मागणी पुरी व्हावी म्हणून केलेला छळ. स्वयंपाकावरून बोलणं, माहेरी जायला नाही म्हणणं, सणाला कपडे नीट न घेणं हे वाईट आहे, पण ते दरवेळी या व्याख्येत बसतंच असं नाही. तुमच्या माणसावरचा आरोप या दोन्हींपैकी कशात बसतो, किंवा कशातच बसत नाही, हे पुढच्या टप्प्यात ठरवायचं आहे.

## टप्पा ३: माणसागणिक तक्ता (सगळं काम इथे आहे)

या टप्प्याला घाई करू नका. एक कोरा कागद घ्या. प्रत्येक आरोपीसाठी एक ओळ आणि पुढे सहा रकाने: नातं, लग्नापासून राहण्याचं ठिकाण, नेमकं कृत्य, तारीख किंवा निदान काळ, ठिकाण, आणि ते पाहणारं किंवा ऐकणारं कोण. फिर्याद ओळीओळीने वाचत रकाने भरा. आपल्याला काय आठवतं ते लिहायचं नाही, फक्त फिर्यादीत जे आहे तेच.

फिर्यादीत बहुधा या धर्तीचं एक वाक्य सापडतं: ‘आरोपी क्र. १ ते ७ यांनी संगनमत करून, गाडी घेण्यासाठी माहेरहून पाच लाख रुपये घेऊन ये असे म्हणून वेळोवेळी शिवीगाळ, मारहाण करून, उपाशीपोटी ठेवून फिर्यादीचा शारीरिक व मानसिक छळ केला.’ हे वाक्य तक्त्यात भरून बघा. आरोपी क्रमांक ५ म्हणजे लग्न होऊन दुसऱ्या जिल्ह्यात राहणारी नणंद. तिच्या ओळीत नातं येतं, राहण्याचं ठिकाण येतं, आणि पुढचे चारही रकाने रिकामे राहतात. कोणत्या दिवशी? कुठे? मारहाण सातही जणांनी केली की एकाने? उपाशी कोणी ठेवलं? उत्तर नाही. हे रिकामे रकाने म्हणजेच तुमचा अर्ज.

आता दुसरं वाक्य घ्या: ‘गणपतीत नणंद घरी आलेली असताना तिने माझ्या गळ्यातील गंठण काढून घेतले व पैसे आणल्याशिवाय ते परत मिळणार नाही असे सांगितले. त्यावेळी माझा भाऊ हजर होता.’ हे खोटं असेल, रचलेलं असेल. पण तक्ता भरला गेला: कृत्य आहे, काळ आहे, ठिकाण आहे, साक्षीदार आहे, मागणीही आहे. या नणंदेचा गुन्हा रद्द होण्याची शक्यता फार कमी. तिची लढाई खटल्यात आहे, आणि हे तिला पहिल्याच भेटीत सांगणं वकिलाचं आणि घरच्यांचं कर्तव्य आहे.

मधली वाक्यं असतात तीच अवघड. ‘नणंद फोनवरून सासूला चिथावणी देत असे.’ ‘दीर म्हणायचा, तू घरातून निघून जा.’ यांत कृत्य आहे पण धूसर. यांना ‘मोघम’ म्हणायचं की नाही हे उरलेल्या फिर्यादीवर ठरतं. मागणीशी त्यांचा संबंध जोडलेला आहे का, साक्षीदारांनी तेच शब्दशः उतरवून काढलंय का, की प्रत्येकाने आपापल्या परीने सांगितलंय, हे बघावं लागतं. आईवडील, भाऊ, मामा या सगळ्यांचे जबाब अक्षरशः सारखे असतील तर तेही टिपून ठेवा.

सर्वोच्च न्यायालयाच्या ज्या निकालांचा आधार घेतला जातो ते सगळे या तक्त्यावरच उभे आहेत. प्रीती गुप्ता विरुद्ध झारखंड राज्य (२०१०) मध्ये विवाहित नणंद गुजरातेत आणि दीर महाराष्ट्रात राहत होता, आणि कथित घटनेच्या ठिकाणी ते कधी गेलेही नव्हते. गीता मेहरोत्रा (२०१२) मध्ये नावांचा नुसता उल्लेख होता. कहकशां कौसर (२०२२) मध्ये आरोप सरसकट होते. डिसेंबर २०२४ च्या दारा लक्ष्मी नारायण विरुद्ध तेलंगणा राज्य या निकालात न्यायालयाने पुन्हा तेच सांगितलं, की ठोस आरोप नसताना सगळ्या कुटुंबाला गोवणारी कारवाई सुरुवातीलाच थांबवली पाहिजे. निकालांची नावं पाठ करण्यापेक्षा त्यांतली परिस्थिती तुमच्या तक्त्याशी जुळते का ते बघा. न जुळणारे दहा निकाल जोडण्यापेक्षा जुळणारा एक पुरतो.

तपासा: एखादा आरोपी ‘नातेवाईक’ तरी आहे का? हे कलम पती आणि पतीच्या नातेवाइकांना लागतं. नातं रक्ताचं, लग्नाचं किंवा दत्तकाचं हवं. लग्न जुळवणारा मध्यस्थ, शेजारी, पतीची कथित मैत्रीण हे त्यात येत नाहीत. मैत्रिणीबाबत सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली यू. सुवेथा प्रकरणात तसा निर्णय दिला आहे.

दोन टोकांच्या गैरसमजुती: ‘आम्ही वेगळे राहतो, म्हणजे सुटलोच’ आणि ‘आम्ही एकाच घरात राहतो, म्हणजे अडकलोच’. दोन्ही चूक. वेगळं राहणाऱ्यावर ठोस आरोप असू शकतो, आणि एकाच छताखालच्या म्हाताऱ्या सासऱ्याविरुद्ध एकही रकाना भरलेला नसू शकतो.

## टप्पा ४: कागद, पण निवडक

इथे कुटुंबं पोतंभर कागद आणतात. उच्च न्यायालय या टप्प्यावर पुरावा तोलत बसत नाही. बचावाचा कागद बघितला जातो तो निर्विवाद असेल तरच, म्हणजे ज्याच्या खरेपणाबद्दल समोरची बाजू आणि सरकारही शंका घेऊ शकत नाही असा. राजीव थापर विरुद्ध मदनलाल कपूर (२०१३) या निकालात ही कसोटी घालून दिली आहे.

उपयोगी पडणारे कागद असे: विवाहित नणंदेचा विवाह नोंदणी दाखला आणि तिच्या सासरच्या पत्त्याचा शिधापत्रिकेतला किंवा मतदार यादीतला पुरावा, नोकरीनिमित्त बाहेरगावी राहणाऱ्या दिराचं नियुक्तीपत्र आणि हजेरीचा दाखला, परदेशात असलेल्याच्या पारपत्रावरचे आगमन-निर्गमनाचे शिक्के, सरकारी रुग्णालयाचे दाखल असल्याचे कागद. फिर्यादीत तारीख दिली असेल तर त्या तारखेचाच कागद शोधा. तारीख नसेल तर राहण्याचं ठिकाण दाखवणारा एक कागद पुरे.

उपयोगी न पडणारे: शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रं, ‘आमचं कुटुंब प्रतिष्ठित आहे’ अशी सरपंचांची पत्रं, लग्नातले हसरे फोटो. व्हॉट्सॲपवरचं संभाषण जपून ठेवा, मूळ फोन विकू नका, फॉरमॅट करू नका. पुढे खटल्यात ते मांडायचं तर भारतीय साक्ष अधिनियम २०२३ च्या कलम ६३(४) चं प्रमाणपत्र लागतं. पण रद्द करण्याच्या अर्जात पानंच्या पानं संभाषण जोडलं की न्यायालय म्हणतं, हे सगळं खटल्यात बघू. आणि ते बरोबरच असतं.

सुनेच्या चारित्र्याबद्दलचा मजकूर पूर्ण वगळा. तो कायद्याच्या प्रश्नाशी असंबद्ध असतो, न्यायमूर्तींचं मत तुमच्याविरुद्ध जातं, आणि एका बाईची बदनामी कायमच्या नोंदीत राहते. तशीच एक खोड म्हणजे ‘हुंडा दिला असं ती म्हणते, मग देणाऱ्या तिच्या बापावरही गुन्हा घाला’ अशी प्रतितक्रार. हुंडा प्रतिबंधक अधिनियमाच्या कलम ७(३) नुसार पीडित व्यक्तीने केलेल्या विधानावरून तिच्यावर त्या कायद्याखाली खटला भरता येत नाही.

## टप्पा ५: कधी जायचं आणि कोणासोबत

गुन्हा रद्द करण्याचा अर्ज दोषारोपपत्राआधीही (तपास संपल्यावर पोलीस न्यायालयात देतात ते) करता येतो आणि नंतरही. आनंदकुमार मोहत्ता (२०१८) या निकालानंतर त्याबद्दल वाद उरलेला नाही. माझं मत असं: बाहेरगावी राहणाऱ्या नातेवाइकाबद्दल फिर्यादीत एकच मोघम ओळ असेल तर लवकर जावं. फिर्यादीत थोडाफार तपशील असेल तर दोषारोपपत्राची वाट बघावी, कारण साक्षीदारांचे जबाब हाती आल्याशिवाय आपण अंधारात बोलत असतो. लवकर जाण्यात एक धोका आहे. तुमच्या अर्जातली ‘तारीख नाही, तपशील नाही’ ही वाक्यं समोरच्या बाजूला मिळतात आणि काही दिवसांनी तपशीलवार पुरवणी जबाब येतो. असा जबाब आलाच तर त्याची तारीख आणि अर्जाची तारीख शेजारीशेजारी ठेवून दाखवा. मूळ फिर्यादीत नसलेली गोष्ट नंतर कशी सुचली, हा मुद्दा बळकट असतो.

पतीने याच अर्जात यावं का? बहुतेक वेळा नाही. पतीवर सहसा ठोस आरोप असतात. सगळ्यांचा एकत्र अर्ज केला की सुनावणीचा वेळ पतीच्या आरोपांवर जातो आणि नणंदेचा स्वच्छ मुद्दा त्यात बुडतो. नातेवाइकांचा वेगळा अर्ज, आणि त्यातही ज्यांच्यावर तपशीलवार आरोप आहेत त्यांचा विचार निराळा. घरच्यांना हे पटत नाही, ‘एकत्र राहू या’ असं वाटतं. पण आपण एकमेकांना सोडून देत नाही आहोत, फक्त प्रत्येकाचा प्रश्न वेगळा मांडतो आहोत, हे समजावून सांगा.

दुसरा दरवाजा आहे दोषमुक्तीचा, म्हणजे खटला पुढे न चालताच आरोपातून सुटण्याचा. दोषारोपपत्रानंतर खटला चालवणाऱ्या न्यायदंडाधिकाऱ्यांकडे दोषारोप निश्चित होण्याआधी हा अर्ज करता येतो. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २६२ नुसार दोषारोपपत्राच्या नकला मिळाल्यापासून ६० दिवसांत तो करायचा आहे. उच्च न्यायालयाच्या नादात ही मुदत निसटते. नकला मिळालेली तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवा.

कुठल्या पीठाकडे? गुन्हा ज्या जिल्ह्यातल्या पोलीस ठाण्यात नोंदला आहे त्यावर ते ठरतं: मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, किंवा ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच. कोल्हापूरकडे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे आहेत. ‘आमच्या गावी काही घडलंच नाही, गुन्हा तिच्या माहेरी कसा?’ हा मुद्दा आता फारसा टिकत नाही. सासर सोडून आसरा घेतलेल्या ठिकाणीही विवाहिता फिर्याद देऊ शकते, असं सर्वोच्च न्यायालयाने रूपाली देवी (२०१९) प्रकरणात ठरवलं आहे.

## टप्पा ६: अर्जाचा मसुदा

मसुदा वकील लिहितील, पण तुम्ही तो सही करण्याआधी वाचायचा आहे. क्रम साधारण असा असावा: अर्जदार कोण आणि कुठे राहतात, लग्नाची तारीख आणि सून सासरी किती काळ राहिली, फिर्यादीचा गोषवारा तिच्याच शब्दांत, मग माणसागणिक तक्ता परिच्छेदरूपाने, मग कायद्याचे मुद्दे, शेवटी मागणी. प्रतिवादी म्हणून राज्य सरकार (संबंधित पोलीस ठाण्यामार्फत) आणि मूळ फिर्यादी हे दोघेही हवेत. फिर्यादी महिलेला ऐकल्याशिवाय निर्णय होत नाही, आणि तो हक्क तिचा आहे.

- मागणीत गुन्हा क्रमांक, पोलीस ठाणं आणि वर्ष अचूक हवं. दोषारोपपत्र दाखल झालं असेल तर खटल्याचा क्रमांकही.
- अर्ज प्रलंबित असताना दोषारोपपत्र दाखल झालं तर अर्जात दुरुस्ती करून त्यालाही आव्हान द्या. ही दुरुस्ती राहिली म्हणून तारखांवर तारखा जातात.
- पूर्वी असाच अर्ज केला असेल, तर तो कसा निकाली निघाला हे लपवू नका. अटकपूर्व जामीन, घटस्फोट, पोटगी, कौटुंबिक हिंसाचाराची प्रकरणं, सगळी नमूद करा.
- फिर्यादीच्या अस्पष्ट प्रती टंकलिखित करून जोडा.
- परदेशातल्या अर्जदाराच्या सह्या आणि प्रतिज्ञापत्राची व्यवस्था आधी लावा. एका सहीसाठी सगळा अर्ज अडून बसतो.

तपासा: मसुद्यात ‘खोटी फिर्याद’, ‘सूडबुद्धीने’ हे शब्द किती वेळा आले ते मोजा, आणि ‘फिर्यादीत अर्जदार क्र. ३ बद्दल अमुक एवढंच लिहिलं आहे’ हे किती वेळा आलं ते मोजा. दुसऱ्याचं पारडं जड हवं. सूडबुद्धीचा आरोप करायचाच असेल तर त्याला तारखांचा आधार द्या. घटस्फोटाची नोटीस मिळाल्यानंतर आठवड्याभरात, वर्षांपूर्वीच्या घटनांबद्दल फिर्याद आली, तर तारखाच बोलतात.

## टप्पा ७: सुनावणी

पहिल्या तारखेला सहसा नोटीस निघते. सरकारी वकील तपासाचे कागद सादर करतात, फिर्यादी प्रतिज्ञापत्रावर आपलं उत्तर देते. तिचं उत्तर नीट वाचा. त्यात फिर्यादीत नसलेले नवे आरोप असतील तर ते वेगळे काढा, कारण गुन्हा तपासला जातो तो फिर्याद आणि तपासातल्या कागदांवरून.

सुनावणीत असा क्षण येतो की न्यायमूर्ती म्हणतात, ‘अर्जदार ३ ते ५ यांचं समजलं, १ आणि २ बद्दल आम्हाला शंका आहे.’ वकिलाला तिथल्या तिथे उत्तर द्यावं लागतं. ज्यांच्याबद्दल न्यायालय अनुकूल नाही त्यांचा अर्ज मागे घ्यायचा, आणि दोषमुक्तीचा मार्ग खुला ठेवण्याची मुभा मागायची का, हे घरी आधीच ठरवून वकिलाला लेखी कळवा. अर्ज गुणवत्तेवर फेटाळला गेला आणि आदेशात ‘प्रथमदर्शनी गुन्हा दिसतो’ अशी वाक्यं आली, तर पुढे दोषमुक्ती मागताना तीच आडवी येतात. फेटाळलेल्या आदेशाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिकेसाठी साधारणतः ९० दिवसांची मुदत असते.

दरम्यान खालच्या न्यायालयातल्या तारखा चुकवू नका. स्थगिती नसेल तर तिथला खटला चालूच असतो. ‘हायकोर्टात गेलोय’ म्हणून गैरहजर राहिलेल्या सासू-सासऱ्यांवर वॉरंट निघतं, आणि त्या वयात पोलीस दारात येणं फार जिव्हारी लागतं.

## टप्पा ८: दोन्ही बाजूंची तडजोड झाली असेल तर

हे कलम दोघांच्या संमतीने खालच्या न्यायालयात मिटवता येत नाही. संमतीने रद्द करायचं तरी उच्च न्यायालयातच जावं लागतं. बी. एस. जोशी (२००३) आणि ग्यान सिंग (२०१२) हे त्याचे आधार. इथे टप्पा ३ च्या तक्त्याची गरज नसते, त्यामुळे पतीसह सगळे एकाच अर्जात येऊ शकतात.

संमतीपत्रात रक्कम, हप्ते, स्त्रीधनाची यादी, मुलांचा ताबा, घटस्फोटाची याचिका आणि इतर सगळ्या प्रकरणांचे क्रमांक लिहा. पैसे रोखीने देऊ नका. धनाकर्ष किंवा बँकेमार्फत द्या, आणि शेवटचा हप्ता गुन्हा रद्द होण्याच्या दिवसाशी जोडा. स्त्रीधन परत करताना दोन्ही बाजूंच्या सह्यांची यादी करा. न्यायालय फिर्यादीला प्रत्यक्ष किंवा दूरदृश्य प्रणालीवरून विचारतं की संमती खुशीची आहे का. ती खुशीची नसेल तर ती तिथे सांगेल, आणि तिने सांगितलंच पाहिजे. दबावाने घेतलेलं संमतीपत्र घेऊन न्यायालयात जाऊ नका.

## टप्पा ९: आदेश मिळाल्यावर

आदेश झाला म्हणून निवांत होणारे पुष्कळ असतात, आणि दोन वर्षांनी पारपत्राच्या पडताळणीत तोच गुन्हा पुन्हा समोर येतो. आदेशाच्या किमान तीन प्रमाणित प्रती काढा. एक पोलीस ठाण्यात पोच घेऊन द्या, एक खटला असलेल्या न्यायालयात दाखल करा, एक घरी. खालच्या न्यायालयाच्या रोजनाम्यात तुमच्यापुरता खटला संपल्याची नोंद झाली का, आणि ई-कोर्ट्सवर तसं दिसतं का, ते तपासा. पतीविरुद्धचा खटला पुढे चालू असेल तर प्रकरण ‘प्रलंबित’ दिसतच राहील. तेव्हा पारपत्र कार्यालयाला किंवा नोकरीच्या ठिकाणी आपल्या नावापुरता आदेश दाखवावा लागतो. नोकरीच्या अर्जात ‘कधी गुन्हा दाखल झाला होता का’ असं विचारलं असेल तर ‘हो’ लिहून आदेशाची प्रत जोडा. लपवलेला रद्द गुन्हा हा सांगितलेल्या रद्द गुन्ह्यापेक्षा जास्त नुकसान करतो.

अटकपूर्व जामिनासाठी दिलेली हमी, जमा केलेलं पारपत्र किंवा रक्कम परत मिळवायला खालच्या न्यायालयात वेगळा अर्ज लागतो. आणि कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचं प्रकरण, पोटगी किंवा घटस्फोटाची याचिका या आदेशाने आपोआप संपत नाही. कौटुंबिक हिंसाचाराच्या अर्जात सासू किंवा नणंद प्रतिवादी असेल तर तिथली पुढची तारीख आजच बघून ठेवा.